दुसरी ओळ

२०१७ च्या फेब्रुवारीतली गोष्ट. इंग्लंडमधल्या ब्रिस्टलच्या स्पाइक आयलंड या कलाकेंद्रात मी गॅलरी असिस्टंट होते. पूर्वी इथे ब्रूक बाँडचा चहा पाकिटबंद व्हायचा. शेजारी जुनं बंदर. गुलामांच्या व्यापाराची जहाजं निघायची ती याच शहरातून.

दालनात चित्रकर्ती ल्युबेना हिमिद यांची ‘नेमिंग द मनी’ ही २००४ सालची मांडणी होती. आपल्याकडे निवडणुकीत उभारतात तसे प्लायवूडचे, माणसाच्या उंचीचे शंभर कट-आउट. अठराव्या शतकात युरोपातल्या राजांना, धनिकांना नजराण्यासारखी दिली जाणारी आफ्रिकी माणसं ही. ढोलवादक, नर्तक, जोडे शिवणारे, नकाशे काढणारे, कुत्री शिकवणारे, प्रत्येक प्रकारचे दहा. हिमिद झांझिबारच्या, जन्म १९५४. वडील गेले तेव्हा त्या काही महिन्यांच्या होत्या. मग आई त्यांना इंग्लंडला घेऊन आली. पुढे नेपथ्य शिकल्या, म्हणून असेल, पण ही गर्दी लांबून बघायची नाहीच, तिच्यातून वाट काढत चालायचं.

खरी गोष्ट मात्र पाठीवर. रंगीबेरंगी कपडे पुढून दिसतात. मागे हिशेबाच्या कागदाचा तुकडा डकवलेला आणि त्यावर पाच ओळी. माझं नाव अमुक. मला तमुक म्हणतात. पूर्वी मी हे करायचो. आता ते करतो. पण माझ्याकडे हे आहे.

त्या दिवशी दार उघडताच एक वयस्कर गृहस्थ आले. आईवडील जमैकाहून ब्रिस्टलला आलेले, असं नंतर बोलता बोलता कळलं. त्यांनी कागद-पेन्सिल मागितली आणि प्रत्येक कट-आउटच्या मागे जाऊन फक्त पहिली ओळ उतरवून घ्यायला लागले. तासाभराने कंबर धरून थांबले. मी खुर्ची नेऊन दिली, आणि मग मी वाचायचे, ते लिहायचे.

ही नावं चित्रकर्तीने कल्पनेतून दिलीत, हे सांगावं की नाही, याने मी अस्वस्थ होते. शेवटी सांगितलं.

“माहीत आहे मला,” ते म्हणाले. “माझं आडनाव मळ्याच्या मालकाचं. आमच्या घराण्याकडे दुसरी ओळच तेवढी आहे. पहिली काय असेल, याचा कुणीतरी बसून विचार केला ना!”

मला काही बोलता येईना. आजी आठवली. लग्नात ताटातल्या तांदळांवर अंगठीने तिचं नवं नाव लिहिलं होतं. तिच्यावर ते कुण्या मालकाने लादलं नव्हतं, पेढे वाटले होते. ही तुलना मला करायचीच नाही. पण तिची पहिली ओळ आमच्या घरात कुणी कधी उच्चारली नाही, हे मला परक्या शहरात, प्लायवूडच्या पाठीशी उभं राहून कळलं.

एक नाव मी चुकीचं उच्चारलं असावं. त्यांनी पेन्सिल थांबवली. “अक्षरं एकेक करून सांग. घाई नाही.”

बंद करायची वेळ झाली तेव्हा ढोलवादक राहिले होते, दहाच्या दहा. त्यांनी कागदाची नीट चौघडी घातली आणि कोटाच्या आतल्या खिशात ठेवली. दुसऱ्या दिवशी माझी सुट्टी होती. तरीही मी दार उघडायच्या आधी तिथे पोचले. ते पायऱ्यांवर उभे होते.