महालातील छपरी

चार वर्षांपूर्वी नागपूरच्या महाल या जुन्या वस्तीतील आमचा वाडा उतरवायला घेतला, तेव्हा मजुरांनी आधी छपराचे कवेलू, म्हणजे कौले, काढून अंगणात रचले आणि मग सागवानी तुळयांना हात घातला. बंगईच्या, म्हणजे झोपाळ्याच्या, कड्या ज्या तुळईत अडकवलेल्या होत्या, ती घासून घासून तिथे खळगा पडला होता. लाकडाच्या व्यापाऱ्याने टेप लावून घनफूट मोजताना तेवढे हातभर लाकूड खराब म्हणून हिशेबातून वगळले.

गोंड राजा बख्त बुलंद शाह याने १७०२ च्या सुमारास वसवलेल्या आणि पुढे भोसल्यांनी राजधानी केलेल्या नागपूरचा महाल हा गाभा. बिल्डरला शिव्या देणे सोपे आहे, मीही दिल्या आहेत. परंतु मालकीची नोंद असलेल्या आखीव पत्रिकेवर अकरा वारसांची नावे, त्यांतील निम्मे पुण्या-बंगळुरात, भाडेकरूंचे भाडे आजोबांच्या काळातले आणि पावसाळ्यापूर्वी कवेलू फेरायला माणूस मिळत नाही, अशा स्थितीत वाडा आतूनच खचत जातो. केळीबाग रस्त्यासारख्या ठिकाणी तर रुंदीकरणात घरांचे दर्शनी भागच गेले.

सदनिकेत सोय आहे, हे मान्य केले पाहिजे. न्हाणीघर गाठायला भर पावसात चौक ओलांडावा लागत नाही. मला उणीव भासते ती छपरीची, म्हणजे वाड्याच्या दर्शनी ओसरीची. छपरी धड घरात नव्हती आणि धड रस्त्यावरही नव्हती. मे महिन्याच्या उन्हात वाटसरू तिथे टेकत असे, त्याला माठातील पाणी मिळत असे आणि त्याचे नाव विचारण्याचे कारण पडत नसे. नव्या इमारतीत त्या जागी वाहनतळ आहे, त्यापुढे लोखंडी फाटक.

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी ईडा पीडा घेऊन जाणारे काळी-पिवळी मारबत आणि बडगे हे पुतळे मिरवणुकीने निघतात, तेव्हा आमच्या छपरीत अर्धी गल्ली दाटीवाटीने बसलेली असे. यंदा काकू चौथ्या मजल्यावरून प्लास्टिकची खुर्ची घेऊन खाली उतरल्या. गर्दीमुळे फाटक उघडता येणार नाही, असे चौकीदाराने सांगितले. काकूंनी खुर्ची फाटकाला लावली, दोन्ही हातांनी गज धरले आणि मिरवणूक समोर येताच तेथूनच म्हणाल्या, "ईडा पीडा घेऊन जा गे मारबत."