माळावरचे कागदी चिंकारे

चिंकारा, म्हणजे माळावरचं लहानसं हरीण, मोजायचा तर आधी तो दिसायला हवा, आणि नवख्या माणसाला तो दिसत नाही. पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या मयूरेश्वर अभयारण्यात किंवा आसपासच्या माळांवर जे पहिल्यांदा गेलेत त्यांना हे ठाऊक असेल. वाटाड्या बोट दाखवून सांगतो, "ते बघा, हिवराच्या डावीकडं." आपण डोळे ताणून बघतो. गवत दिसतं, दगड दिसतात, बोरीची झुडपं दिसतात. मग त्यातलाच एक दगड पळत सुटतो आणि काळी शेपटी दिसते, तेव्हा कुठे कळतं की जनावर सगळा वेळ समोरच उभं होतं.

आमच्या गटाला माळावरच्या चिंकाऱ्यांची नोंद ठेवायची होती. गट म्हणजे कॉलेजची मुलं, एक निवृत्त शिक्षक, एक पशुवैद्य मैत्रीण, दोन आयटीवाले आणि मी. बुद्ध पौर्णिमेच्या रात्री मचाणावर बसून पाणवठ्यावरचे प्राणी मोजण्याचा अनुभव आमच्यापैकी काहींना होता. पण चिंकाऱ्याला ती पद्धत फारशी लागू पडत नाही. हा कोरड्या मुलखातला प्राणी. पाल्यातून आणि दवातून मिळणाऱ्या ओलाव्यावर तो दिवसचे दिवस काढतो. पाणवठ्यावर तो आला नाही म्हणजे माळावर तो नाही, असं म्हणता येत नाही.

म्हणून सरळ रेषेत चालत मोजायचं ठरलं. जनावर दिसलं की जागच्या जागी थांबायचं आणि दोन गोष्टी टिपायच्या: आपल्यापासून त्याचं अंतर आणि आपल्या चालण्याच्या रेषेशी होणारा कोन. १०० मीटरवर, ३० अंशांच्या कोनात दिसलेला चिंकारा रेषेपासून ५० मीटर आडवा असतो. अशी आडवी अंतरं पुरेशी जमली की लांबची किती जनावरं नजरेतून निसटली असतील याचा अंदाज गणितानं बांधता येतो. मात्र रेषेवरचं जनावर चुकता कामा नये, ते बिचकून हलण्याआधी दिसायला हवं, आणि अंतर खरं हवं. इथेच घोडं अडत होतं. नजरेनं अंतर सांगायला लावलं की माणसं ५०, १००, १५० असे गोल आकडे सांगतात. शिवाय न दिसलेलं जनावर किती होतं हे खऱ्या माळावर कोण सांगणार? सराव करायचा तर उत्तर आधीच माहीत असलेला माळ हवा होता. म्हणजे आपणच उभे केलेले चिंकारे हवे होते.

हरणाचे पुतळे घरी बनवण्याची कला अमेरिकेतल्या शिकाऱ्यांकडे चांगली रुळलेली आहे. तिकडे पांढऱ्या शेपटीच्या हरणाची शिकार ठरलेल्या हंगामात परवाना काढून करता येते. नराला जवळ आणण्यासाठी शिकारी प्लायवूड, फोम, तारा वापरून हरणाचा पुतळा तयार करतात. शेपटीच्या जागी पांढरा रुमाल बांधतात, वाऱ्यावर तो हलला की पुतळ्यात जीव येतो. जंगलातून नेताना त्यावर भडक नारिंगी कापड टाकतात, कारण दुसरा शिकारी खरं हरीण समजून गोळी झाडू शकतो. तिथले वनरक्षकसुद्धा मान हलवणारे यांत्रिक पुतळे रस्त्याकडेला उभे करून चोरट्या शिकाऱ्यांना पकडतात. आपल्याकडे १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानं हे दार बंद केलंय, आणि ते बंदच राहायला हवं असं मला मनापासून वाटतं. चिंकारा या कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत, म्हणजे सर्वांत जास्त संरक्षण असलेल्या प्राण्यांच्या यादीत आहे. फक्त मारणं नव्हे, फास लावणं, हाकारा करणं, आमिष दाखवणं हेही कायद्याच्या भाषेत शिकारच. त्यामुळे आम्ही शिकाऱ्यांकडून घेतली ती फक्त कारागिरी. आमच्या पुतळ्यांनी फसवायचं होतं ते माणसांच्या डोळ्यांना.

पुतळ्यांचं काम माझ्याकडे आलं, कारण माझा बुकबाइंडिंगचा छोटा कारखाना आहे. कागद, खळ, गोणपाट यांच्यात माझा दिवस जातो. कुणीतरी थर्माकोल सुचवला होता. पण २०१८ पासून राज्यात थर्माकोलच्या सजावटीवर बंदी आली ती उगीच नाही. त्याचे तुकडे माळावर उडून गेले तर कुठल्या तरी शेळीच्या पोटात जाणार. म्हणून बांबू आणि कागद.

बुरूड आळीतून कामट्या आणल्या. चिंकारा खांद्यापाशी साधारण ६५ सेंटिमीटर, म्हणजे आपल्या गावठी शेळीएवढाच उंच, पण बांधा सडपातळ आणि पाय लांब. हा फरक सांभाळला नाही तर लांबून पुतळा शेळीच वाटतो. भिंतीवर खऱ्या मापाचं चित्र काढलं आणि त्यावर कामट्या वाकवून धड बांधलं. पायांसाठी वेल्डिंगवाल्याकडून ८ मिलिमीटरची सळी कापून घेतली. खाली प्रत्येक पायाला टोक ठेवलं, म्हणजे मुरमाड जमिनीत हातोडीनं ठोकता येतं. मान सुटी ठेवली आणि बांबूच्या खुंटीवर बसवली: एका भोकात घातली की मान वर, दुसऱ्यात घातली की चरणारा चिंकारा. हा खटाटोप फार उपयोगी पडला, कारण मान खाली घातलेला प्राणी ओळखणं कितीतरी अवघड असतं. एक पुतळा बिनपायाचा केला, सावलीत बसलेल्या जनावरासाठी.

सांगाड्यावर गोणपाट शिवून घेतलं आणि त्यावर वर्तमानपत्राच्या पट्ट्या खळीत बुडवून थरावर थर दिले. शेवटचा थर खाकी कागदाचा. खळ मैद्याची. पुस्तकांसाठी करतो तेव्हा आम्ही तिच्यात मोरचूद घालतो, म्हणजे कीड लागत नाही. इथे पशुवैद्य मैत्रिणीनं मला अडवलं. मोरचूद म्हणजे तांब्याचा क्षार, आणि तांबं मेंढ्यांना इतर जनावरांपेक्षा लवकर बाधतं. माळावर मेंढरं येणार, कागद चघळणार. त्यामुळे खळीत मोरचूद नाही. त्याऐवजी प्रत्येक थर कडक उन्हात वाळवायचा आणि पुतळे कोरड्या जागी ठेवायचे. असलं काम करणाऱ्या प्रत्येकानं ही एक गोष्ट लक्षात ठेवावी असं मला वाटतं.

शिंगं जाड तारेवर सुतळी गुंडाळून केली. चिंकाऱ्याच्या नराच्या शिंगांवर कडी असतात, आणि सुतळीच्या वेढ्यांनी ती हुबेहूब उतरतात. मादीलाही शिंगं असतात, पण बारीक आणि गुळगुळीत; तिच्यासाठी नुसती तार काळी केली. कान जुन्या चामडी पाकिटाचे.

रंगकामाइतकं मला या सगळ्यात दुसऱ्या कशानं शिकवलं नाही. ऑइलपेंट नको, कारण तो चमकतो आणि उन्हात ती चमक लांबून दिसते. साधा डिस्टेंपर घेतला, त्यात गेरू आणि पिवळी माती मिसळली. मग एक पुतळा मुद्दाम सगळाच्या सगळा एका तांबूस रंगात रंगवला. दुसऱ्याची पाठ तांबूस, पोट आणि पायांची आतली बाजू पांढरी, मधे कुशीवर गडद पट्टा, चेहऱ्यावर डोळ्यापासून नाकाकडे जाणाऱ्या रेघा. दोन्ही पुतळे एकाच अंतरावर, एकाच गवतात उभे केले. भर दुपारी सगळ्यांना आधी एकरंगी पुतळा दिसला. दुसरा समोर असून सापडेना.

असं का होतं हे हातात ब्रश असल्यामुळे मला नीट कळलं. ऊन वरून पडतं तेव्हा पाठ उजळते आणि पोटाखाली सावली धरते. या उजेड-सावलीवरूनच डोळ्याला वस्तूचा गोलावा समजतो. चिंकाऱ्याच्या अंगावर जिथे ऊन पडतं तिथे रंग दाट आणि जिथे सावली पडते तिथे पांढरा. दोन्ही एकमेकांना खोडून काढतात, अंग सपाट होतं आणि गवतात विरून जातं. अॅबट थेयर नावाच्या अमेरिकन चित्रकारानं १८९६ साली हा नियम मांडला होता. एका चित्रकाराला हे सुचावं याचं मला आता अजिबात नवल वाटत नाही. आणि या नियमाची दुसरी बाजूही पुतळ्यांनीच दाखवली: सकाळी सूर्य अगदी खाली असताना ऊन आडवं येतं, पांढऱ्या पोटावर थेट पडतं, आणि तेव्हा तोच लपलेला पुतळा चटकन दिसतो. आम्ही चालायची वेळ भल्या सकाळची धरली त्यामागे हेही एक कारण आहे.

सरावासाठी सासवडकडच्या एका शेतकऱ्याचा पडीक माळ मिळाला. त्यांची परवानगी घेतली, गावच्या पोलीस पाटलांना आणि वनखात्याच्या स्थानिक माणसांना आधी कळवलं. पद्धत अशी की दोघांनी पहाटे जाऊन पुतळे रोवायचे, टेपनं आडवं अंतर मोजून वहीत लिहायचं, आणि बाकीच्यांनी काहीही माहीत नसताना रेषेवरून चालायचं. काही ठिकाणी मुद्दाम गोणपाटाचे तांबूस ढीग ठेवायचे, म्हणजे दिसेल त्याला चिंकारा म्हणायची घाई कमी होते. चालणाऱ्यानं आपलं अंतर आधी तोंडानं सांगायचं, मग लेझर रेंजफाइंडरनं तपासायचं. आपण सांगितलेले ८० मीटर यंत्रावर १२० निघाले की ते डोक्यात पक्कं बसतं. उतारावर आणि ओढ्यापलीकडे अंदाज सर्वांत जास्त चुकतात, हे सगळ्यांच्या वहीत सारखंच दिसलं.

एकदा आम्ही बांधावर बसलो होतो. मेंढरं घेऊन एक म्हातारे बाबा आले. काठीवर हनुवटी टेकून त्यांनी माळ न्याहाळला आणि म्हणाले, "ताई, ती समदी खोटी हायती."

मी विचारलं, "बाबा, इतक्या लांबून कसं ओळखलंत?"

"शेपूट हालंना. चिंकारा हुबा असला तरी शेपूट गप ठिवतो व्हय? आन कुत्रं आलंय खाली, एकाचाबी कान वळंना."

आमच्यापैकी कुणीही शेपटीकडे बघत नव्हतं. सगळे अंगाचा आकार शोधत होते. बाबा आधी हालचाल शोधत होते, आणि आयुष्यभर मेंढरांमागे माळ तुडवलेल्या माणसाची नजर अशी चालते. मी त्यांना जवळ बसवून घेतलं आणि खूप विचारलं. चिंकारा बिचकला की पुढचा पाय आपटतो आणि नाकातून फुसकारतो, वारा कुठून येतोय ते बघून बसतो, दुपारी कुठल्या झुडपाखाली सापडतो, हे सगळं त्यांनी जागा दाखवून दाखवून सांगितलं.

त्याच आठवड्यात शेपट्या बदलल्या. काळ्या लोकरीचा झुबका बारीक स्प्रिंगच्या तारेवर बसवला. जरा वारा आला की तो थरथरतो. अमेरिकन शिकाऱ्यांचा पांढरा रुमाल आणि बाबांचं बोलणं दोन्ही एकाच जागी येऊन मिळालं. आता मुलांना मी पहिलं हेच सांगते: हरीण शोधू नका, गवतात वाऱ्याशी न जुळणारी हालचाल शोधा. गवत सगळं एका लयीत डोलतं. शेपटीची लय वेगळी असते.

फरक पडला का? पडला. ज्या मुलीला सुरुवातीला बिनपायाचा पुतळा एकदाही सापडला नव्हता, तिनं पुढे खऱ्या माळावर बोरीखाली बसलेली मादी सगळ्यांच्या आधी टिपली, आणि मादी उठायच्या आत अंतर आणि कोन लिहूनही झाले. अंतरं अजून आम्ही यंत्रानंच घेतो, नजरेवर सोडत नाही. पण यंत्र रोखायला आधी जनावर दिसावं लागतं.

काही नियम आम्ही कडक पाळतो. पुतळे अभयारण्यात किंवा वनजमिनीवर न्यायचे नाहीत. खरे चिंकारे वावरतात त्या माळावर रोवायचे नाहीत; त्यांना बिथरवण्यासाठीही नाही आणि जवळ आणण्यासाठी तर नाहीच. फोटोसाठी वापरायला पुतळे मागणारे भेटले, त्यांना स्पष्ट नाही म्हटलं. गाडीवरून नेताना चादरीत गुंडाळायचे, कारण शिंगं बाहेर दिसली तर रस्त्यातल्या माणसांचा गैरसमज होणारच. आणि निघण्याआधी वहीतल्या यादीशी ताडून एकूण एक पुतळा परत घ्यायचा. विसरलेला एखादा पुतळा लांबून बघून कुणी कुत्री सोडली किंवा तिथे शिकार मिळते अशी बातमी पसरली, तर आपण केलेल्या कामानं खऱ्या जनावरांचं नुकसान होईल.

सध्या पाडस करायला घेतलंय. पाडस गवतात मान टाकून निपचित पडून राहतं, आई लांब चरत असते. एकटी मादी दिसली की आजूबाजूला पाय जपून टाकायला शिकवायचं, तर पाडसाचा पुतळा हवाच. मैत्रीण मापं जमवते आहे, मी कामट्या चिरून ठेवल्यात.