वेस्ट एंड अव्हेन्यूवरचं घर

माझं माहेर मुंबईतल्या गावदेवीचं. मणिभवन आमच्या चाळीपासून पाच मिनिटांवर. शाळेतून दरवर्षी आम्हाला तिथे नेत, गांधीजींची खोली दाखवत, आणि आम्ही काचेतून ती गादी आणि चरखा बघून परत येत असू. १९५९ मध्ये भारतात आलेले, अमेरिकेतल्या काळ्यांच्या हक्कांच्या चळवळीचे नेते मार्टिन ल्यूथर किंग त्याच घरात मुक्कामाला होते, हे मला कळलं ते इथे न्यूयॉर्कला आल्यावर. तेही त्यांच्या मुक्कामाचं दुसरं एक घर माझ्या रोजच्या वाटेवर निघालं म्हणून.

लेकीचा गाण्याचा क्लास ७४व्या रस्त्यावर आहे. वेस्ट एंड अव्हेन्यूच्या कोपऱ्यावर तीनशे नंबरची जुनी, उंच इमारत आहे. तिच्यापुढून आम्ही दोन वर्षं जात-येत होतो. एकदा आमच्या शेजारच्या आजी सोबत होत्या. न्यूयॉर्कमधल्या काळ्यांच्या वस्तीत, हार्लेममध्ये वाढलेल्या, आता ऐंशीच्या पुढे. त्या थांबल्या, काठीने इमारत दाखवली आणि म्हणाल्या, "हे हॅरीचं घर." आडनाव सांगायची त्यांना गरज वाटली नाही.

हॅरी बेलाफॉन्टे, गायक आणि नट. जन्म १९२७, हार्लेममधला. आई जमैकाची, लोकांकडे घरकाम करणारी. लहानपणीची काही वर्षं तिने त्याला जमैकात ठेवलं, तिथे बंदरावरच्या हमालांची गाणी त्याच्या कानावर पडली. शाळा अर्धवट सुटली, मग नौदल, आणि युद्धानंतर एका इमारतीत पडेल ते काम. एका भाडेकरू बाईंच्या खिडक्यांचे पडदे बसवून दिले, तर त्यांनी बक्षिशी म्हणून नाटकाची दोन तिकिटं हातावर ठेवली. अमेरिकन निग्रो थिएटरचं नाटक. तिथून हा मुलगा परत पूर्वीसारखा आलाच नाही. त्याच नाटकमंडळीत सिडनी पॉइटिए भेटला. दोघंही कफल्लक, म्हणून नाटकाचं एकच तिकीट काढायचे. एक अंक एकाने बघायचा, मध्यंतरात दुसऱ्याने आत जायचं, आणि बाहेर आल्यावर राहिलेली गोष्ट एकमेकांना सांगायची. पुढे दोघंही मोठे नट झाले. पण मला ते दोघं आठवतात ते थिएटरच्या दारात तिकिटाचं अर्धुक हातात घेऊन उभे असलेले.

गाणं खरं तर नाटकाच्या फीसाठी सुरू झालं. क्लबात जॅझ गायला, मग ते सोडून लोकगीतांकडे वळला. १९५४ मध्ये रंगभूमीचा टोनी पुरस्कार मिळाला. १९५६ मध्ये 'कॅलिप्सो' ही रेकॉर्ड आली आणि दहा लाखांच्या वर खपली. एकट्या गायकाच्या एलपीचा एवढा खप तोवर कधीच झाला नव्हता. त्यातलं 'डे-ओ' तुम्ही नक्की ऐकलं असेल. पण ते मजेचं गाणं नाही. केळीचे घड, ज्याला कोकणात आमच्याकडे लोंगर म्हणतात ते, रात्रभर बोटीवर चढवणारे हमाल पहाटे मुकादमाला म्हणतात: उजाडलं, आता मोजून घे आणि आम्हाला घरी जाऊ दे. मोजल्याशिवाय मजुरी नाही. मला तर हे गाणं जात्यावरच्या ओवीच्या जवळचं वाटतं, दमलेल्या अंगातून आलेलं.

आणि एवढं नाव झाल्यावरही या माणसाला न्यूयॉर्कमध्ये भाड्याने घर मिळेना. फोनवर जागा रिकामी असायची, समोर गेल्यावर भरलेली. वेस्ट एंड अव्हेन्यूच्या याच इमारतीत मालकाला तो नको होता. तेव्हा त्याने दुसऱ्यांना पुढे करून अख्खी इमारतच विकत घेतली! गायिका लीना हॉर्न यांनाही असंच दारोदार नकार मिळत होते, त्याही इथे राहायला आल्या. हे ऐकताना मला बरं वाटलं आणि आतून वाईटही वाटलं. घर दाखवायच्या आधी आडनाव विचारतात, ते मुंबईत माझ्या सख्ख्या मैत्रिणीच्या बाबतीत मी डोळ्यांनी पाहिलंय. इमारत विकत घेण्याइतके पैसे तिच्याकडे नव्हते. बहुतेकांकडे नसतातच.

किंग आणि बेलाफॉन्टे यांची भेट १९५६ मधली. तेव्हा दोघंही तिशीच्या आत होते. पुढे किंग न्यूयॉर्कला आले की अनेकदा याच घरी उतरत. बैठका इथे होत, भाषणांवर चर्चा इथे होई. आणि बेलाफॉन्टेंनी काय केलं, तर गाण्यातून मिळालेला पैसा चळवळीत घातला. किंग यांची कमाई पाद्र्याची, बेताची. त्यांच्या घरी कामाला आणि मुलं सांभाळायला माणसं ठेवण्याचा खर्च बेलाफॉन्टेंनी उचलला. किंग यांच्या नावाचा आयुर्विमा काढला आणि हप्ते स्वतः भरले. हे वाचलं तेव्हा मी पुस्तक मिटून ठेवलं. आपल्या मित्राला मारून टाकतील हे माहीत असल्याशिवाय कुणी असा विमा काढेल का? १९६३ मध्ये वर्णभेदाविरुद्धच्या निदर्शनांत, अलाबामा राज्यातल्या बर्मिंगहॅमच्या तुरुंगात किंग आणि पुढे शेकडो पोरं अडकली, तेव्हा जामिनाचे पैसे उभे करण्याची धावपळ याच घरातून झाली.

सगळ्यात जास्त मी विचार करते तो ऑगस्ट १९६४चा. दक्षिणेतल्या मिसिसिपी राज्यात काळ्या मतदारांची नोंदणी करणाऱ्या तीन तरुणांचे मृतदेह मातीच्या बंधाऱ्याखाली सापडले होते. उरलेली मुलं काम सोडायला तयार नव्हती, पण पैसे संपले होते. बेलाफॉन्टेंनी साठ-सत्तर हजार डॉलर रोख जमवले, बॅगेत भरले आणि पॉइटिएला फोन केला: तूही चल, दोघं असलो तर मारताना ते दोनदा विचार करतील. पॉइटिएला त्याच वर्षी ऑस्कर मिळालं होतं. रात्री लहान विमानातून दोघं तिथल्या ग्रीनवूड गावी उतरले. न्यायला आलेल्या मुलांच्या गाड्यांच्या मागे कू क्लक्स क्लॅन या काळ्यांवर हल्ले करणाऱ्या गोऱ्यांच्या टोळीच्या गाड्या लागल्या. एका ट्रकने मागून ठोकरायला सुरुवात केली. मुलांनी गाडी थांबवली नाही, तशीच पुढे नेली. गावातल्या सभागृहात पोहोचले तेव्हा माणसं वाट बघत बसलेली होती. बेलाफॉन्टेंनी तिथे 'डे-ओ'चीच चाल धरली, शब्द मात्र बदलले. पहाटेच्या जागी स्वातंत्र्य आलं. आणि बॅग टेबलावर रिकामी केली.

त्यांच्या सिनेमांबद्दल मी फार लिहीत नाही. चांगले होते, काही अजून बघण्यासारखे आहेत, पण त्या काळात काळ्या नटाचं गोऱ्या बाईवरचं प्रेम पडद्यावर सहसा दाखवू देत नसत. १९६८ मध्ये टीव्हीच्या कार्यक्रमात पेटुला क्लार्क या गोऱ्या ब्रिटिश गायिकेने गाता गाता त्यांच्या दंडावर हात ठेवला, तर प्रायोजक कंपनीच्या माणसाने ते दृश्य काढायला सांगितलं. पेटुला ठाम राहिली आणि दृश्य तसंच दाखवलं गेलं, ८ एप्रिलला. किंग यांची हत्या होऊन तेव्हा चार दिवस झाले होते.

बेलाफॉन्टे २०२३च्या एप्रिलमध्ये गेले, ९६ वर्षांचे होऊन. हार्लेममध्ये ११५व्या रस्त्यावरच्या सार्वजनिक वाचनालयाला त्यांचं नाव आहे. लेकीचं कार्ड आम्ही तिथलंच काढलं.

मागच्या रविवारी आजींनी आम्हाला घरी बोलावलं. कपाटातून 'कॅलिप्सो' काढली. कव्हराच्या तिन्ही कडांना चिकटपट्टी, कोपऱ्यात त्यांच्या यजमानांनी पेनाने लिहिलेली किंमत. सुई लेकीला टेकवू दिली. मी तिला मुकादमाचं सांगितलं, लोंगराचं सांगितलं, ती मांडी घालून शहाण्यासारखी ऐकत बसली. अर्ध्या गाण्यात आजींनी हात वर केला. "असं गप्प बसून नाही ऐकायचं, बाळा. तो हाक मारतो, आपण ओ द्यायची."

मग त्यांनी सुई पुन्हा सुरुवातीला नेली, आणि आम्ही तिघींनी ओ दिली.