डांग्यांचा हिशेब

गिरणी कामगारांच्या आठवणी ध्वनिमुद्रित करणं हे माझं काम. त्या दिवशी लालबागच्या चाळीत, साचेखात्यात, म्हणजे मागांवर, उभी हयात गेलेल्या, ऐंशी ओलांडलेल्या एका आजोबांसमोर बसले होते. विषय कम्युनिस्ट पक्षाचे आणि गिरणी कामगारांचे नेते कॉम्रेड श्रीपाद अमृत डांगे.

मी तयारी करून गेले होते ती १९२४ च्या पत्रांची. कम्युनिस्टांवरच्या कानपूर कटाच्या खटल्यात तुरुंगात असताना डांग्यांनी सुटकेच्या बदल्यात ब्रिटिश सरकारला मदत देऊ केली, असा मजकूर असलेली ही पत्रं १९६४ मध्ये उजेडात आली. डांगे म्हणाले, बनावट आहेत. पक्षाने समिती नेमली, तिच्यातही एकमत झालं नाही. पक्षाच्या राष्ट्रीय परिषदेतून ३२ सदस्य उठून गेले आणि त्याच वर्षी पक्ष फुटला. अभ्यासकांचं भांडण अजून तिथेच घुटमळतं.

आजोबांनी मात्र तो प्रश्न झटक्यात निकालात काढला. "असतील, नसतील. २८ साली माझा बाप सहा महिने संपावर होता, डांग्यांच्या मागे." विणकराने दोनऐवजी तीन साचे चालवावेत, हा मालकांचा हट्ट त्या संपामागे होता, दीड लाख कामगार बाहेर पडले आणि लाल बावट्याची गिरणी कामगार युनियन त्याच लढ्यात उभी राहिली.

मग ते आपणहून १९७५ च्या आणीबाणीवर आले आणि आवाज चढला. "बोनस! ८.३३ टक्क्यांचा ४ टक्के केला. अन् आमचे डांगे त्या सरकारच्या बाजूला!"

उठून त्यांनी पत्र्याच्या डब्यातून त्या काळातली पगाराची चिठ्ठी काढली. घडीवर फाटलेली, शाई विटलेली. आकड्याखाली बोट ठेवून म्हणाले, "हे वाच." डांग्यांचा पक्ष आणीबाणीला पाठिंबा देत होता हे मी कितीदा लिहिलं असेल, पण त्याची किंमत अशी रुपयांत मोजलेली पहिल्यांदाच पाहत होते.

"मग लाल बावटा सोडलात?"

"८२ च्या संपात डॉक्टर दत्ता सामंतांच्या मागे गेलो. पण ९१ ला डांगे गेले तेव्हा अंत्ययात्रेला होतो. जाणार नाही तर काय? बापाला मान वर करून बोलायला त्यांनीच शिकवलं. बोनसचं विसरलो नव्हतो हां."

हे दोन्ही ते एकाच दमात बोलले आणि मला त्यात जराही विसंगती वाटली नाही. पत्रांचा वाद महत्त्वाचा आहेच, पण गिरणगावाने या माणसाला तोललं ते वेगळ्या तराजूत.

पुढच्या मुलाखतींच्या प्रश्नावलीत बोनसचा प्रश्न पहिला घेतला, पत्रांचा शेवटी.