पाचवा वेद आणि नारदाची कबुली

रविवार, रात्री उशिरा.

‘ऐंदाम वेदम’, म्हणजे ‘पाचवा वेद’, ही तमिळ मालिका आज पाहून संपवली. ऑक्टोबर २०२४ मध्ये झी फाइव्हवर आलेल्या या मालिकेचे दिग्दर्शक नागा, म्हणजे नव्वदच्या दशकात ‘मर्मदेसम’ ही तमिळ रहस्यमालिका करणारे तेच. ‘मर्मदेसम’मधील ‘विडादु करुप्पु’ या कथेत गावातील खुनांचा उलगडा शेवटी मानसशास्त्राने होतो, परंतु त्यासाठी करुप्पसामी या ग्रामरक्षक देवाची कोठेही अवहेलना होत नाही. हा संयम मला फार मोलाचा वाटतो.

नव्या मालिकेतील अनु आईच्या अंत्यविधीसाठी काशीला जाते. तेथे एक अनोळखी माणूस तिच्या हाती एक प्राचीन वस्तू सोपवतो आणि ती तमिळनाडूतील एका पुजाऱ्याकडे पोहोचवायला सांगतो. ते प्रसंग पाहताना मला दोन वर्षांपूर्वीची पहाट आठवली. वडिलांच्या अस्थी घेऊन मी काशीतीलच केदारघाटावर उभा होतो आणि आजूबाजूला सगळीकडे तमिळ ऐकू येत होती.

पुढे पाचव्या वेदाच्या या शोधात कृत्रिम बुद्धिमत्ताही उतरते, आणि माझे मन तिथेच अडकून राहिले. चार वेद शतकानुशतके केवळ मुखोद्गत राहिले, ते पद, क्रम, जटा, घन अशा पाठांच्या बळावर. तेच शब्द मागेपुढे गुंफून पुन्हा पुन्हा म्हटल्यामुळे कोठे एखादा शब्द निसटला, तर तो जाणकाराच्या कानाला तत्काळ खटकतो. साठवलेली माहिती बिघडली की नाही हे ताडण्यासाठी संगणकात जादा खुणा जोडतात, त्या युक्तीची ही थोरली बहीणच म्हणायला हवी. म्हणून वेद आणि यंत्र यांना एका कथेत आणणे मला ओढूनताणून केलेले वाटले नाही.

मालिका संपल्यावर छांदोग्य उपनिषदाचा सातवा अध्याय काढून बसलो, कारण इतिहास-पुराणांना पाचवा वेद म्हटल्याचा उल्लेख तेथे आहे. नारद सनत्कुमारांकडे शिकायला येतो. चार वेद, पाचवा वेद, व्याकरण, गणित, नक्षत्रविद्या, सर्पविद्या अशी आपल्या अभ्यासाची लांबलचक यादी तो सांगतो, आणि लगेच कबूल करतो की, मला केवळ मंत्र ठाऊक आहेत, आत्मा ठाऊक नाही, आणि म्हणून मी शोकात आहे. ती यादी मी आज प्रथमच एखाद्या यंत्राच्या तोंडी कल्पून वाचली. शोकाच्या शब्दापाशी मात्र थांबलो. तो शब्द यंत्राच्या तोंडी काही केल्या बसेना.