लॅमिंग्टन रोडवरून माऊस आणला

आज हाफ डे टाकून ग्रँट रोडला उतरलो आणि एका वायरलेस माऊससाठी अख्खा लॅमिंग्टन रोड, म्हणजे मुंबईतला इलेक्ट्रॉनिक्सचा बाजार, पालथा घातला. जुना ब्लूटूथवाला होता, व्हॅलोरंट या शूटिंग गेममध्ये समोरचा दिसायचा, क्लिक करायचो, तोवर मीच मेलेलो असायचो. दुकानातल्या दादांनी फार नीट समजावलं, की ऑफिसच्या कामाला ब्लूटूथ ठीके पण गेमिंगला २.४ गिगाहर्ट्झचा डोंगलवालाच (यूएसबीत लावायचा छोटा रिसीव्हर) घे, १००० हर्ट्झ पोलिंग म्हणजे माऊस दर १ मिलिसेकंदाला पीसीला आपली जागा कळवतो, साध्या माऊसला ८ लागतात. डीपीआयच्या (माऊस जरा हलवला की कर्सर किती पळतो त्याचं माप) मोठाल्या आकड्यांना खरंच भुलू नका, मी ८०० वरच खेळतो. हातात धरून बघा, तेच महत्त्वाचं! शेवटी लॉजिटेक जी३०४ घेतला. एक डबल ए सेल, सेल धरून ९९ ग्रॅम. सेलमुळे मागून किंचित जड लागतो, लिथियमचा टाकला तर अजून हलका होईल. आणि हो, डोंगल सीपीयूच्या मागे खुपसू नका, बॉक्समधल्या एक्स्टेन्शन केबलने मी तो माऊसपॅडच्या शेजारी आणून ठेवलाय. रात्री तीन मॅच खेळलो, एकदाही कर्सर अडकला नाही, इतकं बरं वाटलं ना!