सहाव्या पायरीचा वारा

केळीच्या हवामान विम्यात वाऱ्याला एक आकडा नेमून दिला आहे: ताशी 40 किलोमीटर. त्यापुढे गेला की वादळ, म्हणजे भरपाई; अलीकडे राहिला तर नुसती हवा. मे महिन्यातल्या दुपारी रावेर-यावलच्या अंगाला सातपुड्यावर आभाळ भरून आलं की हा आकडा आठवतो, आणि त्याच्या मागोमाग एक जुनं कोष्टकही. फ्रान्सिस ब्यूफर्ट या ब्रिटिश आरमारातल्या अधिकाऱ्याने 1805-06 च्या सुमारास वाऱ्याच्या शून्य ते बारा अशा पायऱ्या पाडल्या. किलोमीटर-बिलोमीटर काही नाही. जहाजाला किती शिडं झेपतात त्यावरून पायरी ठरायची. जमिनीवरच्या खुणा शंभरेक वर्षांनी जोडल्या गेल्या. त्यात 39 ते 49 किलोमीटरची सहावी पायरी अशी ओळखायची: मोठ्या फांद्या हलतात, तारा शिट्ट्या घालतात, छत्री सांभाळणं जड जातं. छत्री! आपल्याकडे मे महिन्यात छत्री असलीच तर ती उन्हाची.

सहाव्या पायरीवर कडुनिंबाला काही होत नाही. केळ मात्र आडवी होते, कारण तिच्यात लाकूड नावाला नाही. खोड म्हणतो ते पानांच्या देठांचे एकावर एक गुंडाळलेले पापुद्रे, आणि वर वीस-पंचवीस किलोंचा घड, तोही एकाच बाजूला लोंबलेला. मृग बाग जून-जुलैत लागते, म्हणजे वादळाच्या मोसमात नेमके घड भरत आलेले. मऊ, ओल्या जमिनीत झाड कंदासकट उलटतं. घट्ट जमिनीत मधूनच मोडतं. पानं फाटून चिंध्या झाल्या तर ते बरंच, तेवढा वारा आरपार जातो. दाब वेगाच्या वर्गाने वाढतो, तेव्हा 40 चा 60 झाला की झाडावरचा भार सव्वादोन पट. टेकू द्यायचा तो दोन बांबूंची कात्री करून, घड झुकलाय त्याच बाजूने, गळ्याखाली. पट्टीने बांधायचं तर घडाच्या उलट बाजूच्या झाडाच्या बुंध्याशी. गळ्याला गळा बांधला तर एक पडताना शेजारणीलाही घेऊन पडते. बांधावर शेवरी किंवा गजराज गवताची दाट रांग हवी, पण भिंत नको. निम्मा वारा गाळून जाऊ दिला तर आडोसा लांबवर पुरतो. सगळाच अडवला तर तो वरून उडी मारून पलीकडे भोवऱ्यासकट उतरतो. आणि शेवरी केळीबरोबरच लावायची. केळ निसवल्यावर, म्हणजे घड बाहेर पडल्यावर, सुचलेली शेवरी पुढच्या वर्षीच्या कामाची.

वादळाच्या पुस्तकांबद्दलची माझी तक्रार इथूनच सुरू होते. ती पुस्तकं अकराव्या-बाराव्या पायरीच्या खाली उतरत नाहीत. बारावी म्हणजे ताशी 118 किलोमीटर आणि वर. तोवर आमच्या बागेचा पंचनामाही उरकलेला असतो.

तरी जोसेफ कॉनरॅडच्या ‘टायफून’ला (1902) सूट द्यावी लागते. त्यातला कप्तान मॅकव्हिर वादळांवरचं पुस्तक काढून वाचतो आणि वैतागतो. पुस्तक सांगतं, वळसा घालून टाळा. तो विचारतो, तीनशे मैल वाढवून आलो आणि वादळ दिसलंच नाही, तर कोळशाचा खर्च मालकाला कसा समजावू? हा प्रश्न कुठल्याही बागाईतदाराला कळेल: बांबूंवर पैसे घातले आणि वारा आलाच नाही, तर? शिवाय कॉनरॅड एक धाडस करतो. वादळाचा दुसरा, जास्त भयंकर तडाखा येणार म्हणताना प्रकरण संपवतो आणि पुढच्यात जहाज बंदराला लागलेलं दाखवतो. वर्णनाचा मोह असा आवरणारे थोडे.

डॅनियल डिफोने उलट केलं. नोव्हेंबर 1703 मध्ये इंग्लंडवरून प्रचंड वादळ गेलं. त्याने वर्तमानपत्रांत जाहिरात देऊन लोकांकडून हकिगती मागवल्या आणि 1704 मध्ये ‘द स्टॉर्म’ छापलं. बातमीदारी म्हणतात तिचा हा पहिल्या काही नमुन्यांपैकी एक. त्यातलं खरं मौल्यवान वाक्य मात्र त्याच्या घरातलं आहे: वायुभारमापकातला पारा इतका उतरला होता की पोरांनी नळीशी खेळ केला असं त्याला वाटलं. त्यातच पवनचक्क्यांची हकिगतही येते. पाती इतकी भणाणली की लाकडावर लाकूड घासून चक्क्या पेटल्या.

साक्री तालुक्यात ब्राह्मणवेलच्या पठारावर उभ्या असलेल्या चक्क्यांनी हा धडा गिरवलेला आहे. सेकंदाला तीनेक मीटर वाऱ्यावर त्या वीज द्यायला लागतात आणि साधारण 25 मीटरला, म्हणजे ताशी 90 किलोमीटरला, पात्यांची धार वाऱ्याकडे वळवून स्वतःच थांबतात. वादळात चक्की बंद दिसते म्हणून लोक हसतात. तिला ते ठरवून दिलेलं असतं.

वादळाचं सगळ्यात उपयोगी पुस्तक कलकत्त्यात तयार झालं. हेन्री पिडिंग्टनने 1848 मध्ये खलाशांसाठी लिहिलेल्या या पुस्तकासोबत शिंगाच्या पारदर्शक चकत्या मिळायच्या, वर्तुळं आणि बाण काढलेल्या. नकाशावर आपल्या जहाजाच्या जागी चकती ठेवायची, बाण वाऱ्याच्या दिशेशी जुळवायचा, की वादळाचं केंद्र कुठे ते कळतं. बोटाने वापरायचं पुस्तक! खानदेशात मात्र चकती फसेल. आमचं मे महिन्यातलं वादळ-वावधान शेकडो मैलांचं चक्र नसतं. ढगातून पडणारा पाऊस खालच्या कोरड्या हवेत वाटेतच आटतो, हवा गार आणि जड होऊन धाडकन खाली येते आणि जमिनीवर चहूकडे पसरते. म्हणून पावसाआधी तो धुळीचा गार झोत. पट्टा इतका अरुंद की एका शिवारात बाग झोपते आणि शेजारच्या गावात वाळत घातलेली कुरडई हलत नाही. वारा मोजायचं केंद्र त्या शेजारच्या गावात असलं की आकडा 40 च्या खालीच राहतो. या भांडणावर कादंबरी कोणी लिहिलेली नाही. अर्ज मात्र भरपूर.

वाऱ्याला दुसऱ्या-तिसऱ्या पायरीवर भेटलेली एकच कवयित्री, आणि ती आमची. बहिणाबाईंच्या ‘उपननी’त धान्य उपणायला वारा हवा आहे, मिळत नाही, म्हणून त्याला मारुतीचा बाप म्हणून हाक घातली आहे. उपणणारीला नेमकं किती वारं लागतं हे ज्याला माहीत आहे त्यालाच त्या आर्जवातली चिडचिड कळते. पाटी खांद्याएवढी धरून धार बारीक सोडायची. दाणा सरळ पायाशी, भूस पलीकडे, मधल्या मधे मातेरं. वारा पडला की सगळं एकाच ढिगात, चढला की हलका दाणाही भुसाबरोबर जातो.

राज्यांच्या उलथापालथीची पुस्तकंही वादळाच्या पुस्तकांसारखीच. पानिपत, प्लासी, सगळं बाराव्या पायरीचं. 1802 मध्ये यशवंतराव होळकरांच्या फौजांनी खानदेश धुऊन काढला, पाठोपाठ 1803-04 चा दुष्काळ, गावंच्या गावं ओस. 1880 च्या खानदेश गॅझेटियरमध्ये ते सगळं थोडक्यात, कोरडेपणाने उरकलेलं आहे. म्हणून विष्णुभट गोडसे वाचावेत. वरसईचा हा भिक्षुक 1857 मध्ये घरचं कर्ज फेडायला दक्षिणा मिळवू म्हणून उत्तरेकडे निघाला आणि झाशीच्या वेढ्यात सापडला. ‘माझा प्रवास’ त्याने बऱ्याच वर्षांनी लिहिला, छापून आला 1907 मध्ये. राणी आहे, तोफा आहेत, पण पुस्तक चालतं ते प्यायचं पाणी, लपायची जागा आणि कमरेला बांधलेले पैसे यांवर. ते पैसे वाटेत लुटले गेले. घरी पोचला तो गंगेची कावड घेऊन. आईवडिलांना गंगास्नान घडलं. सावकाराला त्याचा काही उपयोग नव्हता.